गाठ कोणाच्या हाती? : जोडलेल्या मनांची जादू आणि मावळच्या साती आसरा

अद्भुतकथेची समीक्षा मराठीत फारशी झाली नाही, आणि जी झाली ती प्रायः दोन शेऱ्यांत आटोपली. ‘रंजक’ हा पहिला शेरा आणि ‘आदिबंधात्मक’ हा दुसरा. पहिल्या शेऱ्याने संहिता वाचण्याचे श्रम वाचतात, दुसऱ्याने ती वाचून झाल्यावर विचार करण्याचे. या दोहोंच्या मधल्या पोकळीत एक महत्त्वाचा कथनव्यूह दुर्लक्षित राहिला आहे. काही माणसे आपली मने परस्परांना जोडतात. त्या जोडणीतून एकट्याच्या आवाक्याबाहेरची शक्ती निर्माण होते. ती कशी वापरावी याचे नियम कथेतच घालून दिलेले असतात. किती जणांनी जोडून घ्यायचे, कोणत्या क्रमाने, सूत्र कोणी धरायचे, किंमत कोणी मोजायची, या साऱ्याची एक काटेकोर व्यवस्था लेखक रचतो आणि वाचक तिच्यावर शास्त्रासारखा विश्वास ठेवतो.

या व्यूहाचे आज जे थोडेफार स्वागत होते, ते एका सोयीस्कर गृहीतकावर उभे आहे. एकट्या वीरनायकाच्या जागी समूह आला, म्हणजे अद्भुतकथा लोकाभिमुख झाली, असे ते गृहीतक. याच्याच जोडीला ‘सामूहिक नेणीव’ ही युंगची संकल्पना उभी केली जाते: मने मुळात तळाशी एकच असतात, कथा फक्त तो तळ उघडा करते. दोन्ही भूमिका तपासल्या तर लक्षात येते की, विचारायलाच हवा असा प्रश्न त्यांनी विचारलेला नाही. मने कशी जोडली जातात हा प्रश्न दुय्यम आहे. जोडल्यावर गाठ कोणाच्या हातात राहते, हा खरा प्रश्न आहे. आणि त्याचे उत्तर बहुतेक संहिता उघडउघड देत असतात. ते वाचले जात नाही, एवढेच.

‘मन मनाला जोडणे’ ही कल्पना अनादी आहे असे समजण्याचेही कारण नाही. ‘टेलिपथी’ हा शब्द १८८२ साली फ्रेडरिक मायर्सने घडवला. लंडनमधील सोसायटी फॉर सायकिकल रिसर्च ही संस्था त्याच वर्षी स्थापन झाली. तो तारयंत्राचा काळ होता. दोन स्थानके, मधे तार, एका टोकाला पाठवणारा, दुसऱ्या टोकाला घेणारा, असे संदेशवहनाचे चित्र तेव्हा सर्वांच्या डोळ्यांसमोर होते, आणि मनांच्या जोडणीचे चित्रही त्याच साच्यात बसले. विल्यम मॅकडूगलचे ‘द ग्रुप माइंड’ हे पुस्तक १९२० साली आले. त्याआधी पाव शतक, १८९५ मध्ये, गुस्ताव ल बाँने जमावाचे मानसशास्त्र मांडले होते आणि त्यात जमावाला बुद्धी नसते, त्याला हाकणारा लागतो, हे जवळजवळ स्वयंसिद्ध मानले होते. जोडलेल्या मनांची कल्पना आणि जमावाची भीती या दोन्ही एकाच काळात, एकाच वर्गाच्या मनात वाढल्या. कथेतल्या ‘समूहमना’ला आरंभापासून एक डोके हवे असते, ते यामुळे.

थिओडोर स्टर्जनची ‘मोर दॅन ह्यूमन’ (१९५३) ही या प्रकारातली आदर्श कादंबरी मानली जाते, आणि ती मानण्याजोगी आहेही. समाजाने टाकलेली काही मुले एकत्र येतात आणि मिळून एक नवा जीव होतात. त्या जीवाची रचना मात्र बारकाईने पाहावी. एक जण डोके, एक मूल गणनयंत्रासारखी बुद्धी, एक मुलगी वस्तू हलवणारी शक्ती. आणि बॉनी व बीनी या जुळ्या कृष्णवर्णीय मुली, एका झाडूवाल्याच्या लेकी, ज्यांना कादंबरीत जवळजवळ भाषाच नाही, त्या हातपाय. डोके मेले की दुसरे डोके येते. हातपाय मात्र बदलत नाहीत, बोलतही नाहीत. कादंबरीच्या शेवटी या जीवाला सदसद्विवेकाची उणीव आहे असा शोध लागतो आणि ती उणीव भरून काढायला आणखी एक पुरुष येतो. हातपायांना विवेक असू शकेल ही शक्यता लेखकाला सुचत नाही.

मराठी वाचकाला ही रचना परकी वाटायला नको होती. एकाच विराट देहाच्या मुखापासून पायापर्यंत माणसांची वाटणी करणारे पुरुषसूक्त त्याच्या परंपरेत आहे, आणि त्या सूक्ताचे काय करायचे हा प्रश्न फुले-आंबेडकरांनंतर इथे शास्त्रचर्चेपुरता उरलेला नाही. तरीही ‘अनेकांचा एक देह’ हे रूपक अद्भुतकथेत आले की त्याला एकात्मतेचे प्रतीक म्हणून टाळ्या मिळतात. वर्णव्यवस्थेचे समर्थनही नेमके याच रूपकाच्या आधारे झाले आहे: अवयव भिन्न, देह एक, म्हणून तक्रार कशाची? अवयवांची भिन्नता कोणी ठरवली, हा प्रश्न देहाच्या रूपकात विचारताच येत नाही. ती त्या रूपकाची ताकद आहे आणि तोच त्याचा अपराध.

रॉबर्ट जॉर्डनच्या ‘व्हील ऑफ टाइम’ या मालिकेत (पहिला खंड १९९०, जॉर्डन २००७ मध्ये वारल्यावर ब्रँडन सँडरसनने ती २०१३ मध्ये पूर्ण केली) हीच गोष्ट निव्वळ तांत्रिक नियम म्हणून येते. शक्ती धारण करणाऱ्या स्त्रिया वर्तुळ करतात. पुरुष नसेल तर तेरांपलीकडे वर्तुळ वाढत नाही. साऱ्यांची शक्ती एकीच्या हाती जाते आणि ती सोडेपर्यंत बाकीच्यांना वर्तुळातून बाहेर पडता येत नाही. हा शेवटचा नियम वाचून कोणालाही मक्ता, वेठ, कूळकायदा यांची आठवण व्हावी. समीक्षेत मात्र त्याची गणना ‘कल्पक व्यवस्था’ म्हणून होते. स्टीफन किंगच्या ‘इट’मध्ये (१९८६) सात मुले आहेत, त्यांचे सातपण कथेला अत्यावश्यक आहे, आणि तरीही दुष्ट शक्तीशी होणारा मनोबळाचा झगडा मुख्यतः बिल या एकाच्या वाट्याला येतो. बाकीचे त्याच्यावर विश्वास ठेवतात. विश्वास ठेवणे हेच त्यांचे काम.

‘इट’चा उल्लेख इथे सहज आलेला नाही. नारायण धारपांच्या ‘शपथ’ या कादंबरीचे बीज किंगच्या या कादंबरीत आहे आणि ‘लुचाई’चे ‘सेलम्स लॉट’मध्ये, हे धारपांच्या वाचकांना चांगले ठाऊक आहे. धारपांनी (१९२५–२००८) शंभराहून अधिक पुस्तके लिहिली. तीन पिढ्यांनी ती वाचनालयांतून नंबर लावून वाचली, आणि विद्यापीठीय समीक्षेने त्यांच्यासाठी परिशिष्टातली जागाही क्वचितच राखली. या उपेक्षेबद्दल हळहळ व्यक्त करणे सोपे आहे, आणि ‘तुंबाड’सारखा चित्रपट २०१८ मध्ये आल्यावर ती भरपूर व्यक्त झालीही. परंतु उपेक्षेची खरी किंमत धारपांनी मोजली नाही, समीक्षेने मोजली. धारपांचे समर्थ वाचले असते, तर विसाव्या शतकाच्या उत्तरार्धातील मराठी मध्यमवर्गाला ‘एकत्र येणे’ म्हणजे काय वाटत होते, याचा एक स्वच्छ पुरावा हाती लागला असता.

‘समर्थ’ या नावातच सारे आहे. संकटात सापडलेले एक सुशिक्षित कुटुंब, त्यांच्या वास्तूत शिरलेले काही अमंगल, आणि शेवटी येणारा तो एक पुरुष, ज्याच्यापाशी ज्ञान आहे, संयम आहे आणि इच्छाशक्ती आहे. भोवतालच्या माणसांना तो ‘मन एकाग्र करा, माझ्यावर विश्वास ठेवा’ या प्रकारची भूमिका देतो. ती माणसे त्याला आपली धास्ती देतात, आपली श्रद्धा देतात. तो त्यांना सुटका देतो. हा व्यवहार सरळ आहे आणि प्रामाणिकही आहे. एमिल दुर्खेमने १९१२ साली धर्म आणि जादू यांत भेद करताना म्हटले होते की, धर्माला संघ असतो, जादूला नसतो. जादूगाराभोवती अनुयायांचा समाज नसतो, फक्त त्याच्याकडे कामापुरते येणारे गिऱ्हाईक असते. समर्थांचे भोवताल हे अगदी असेच आहे. वैद्याकडे रोगी यावेत, वकिलाकडे अशील यावेत, तशी ती माणसे येतात. कथा संपली की ती एकमेकांना पुन्हा भेटण्याचे कारण उरत नाही. मने जोडली गेली होती असे वाटते, पण ती जोडली गेली होती फक्त मध्यभागी बसलेल्या एकाला, परस्परांना नव्हे. चाकाला आरे असतात, पण एक आरा दुसऱ्या आऱ्याला कुठेच शिवत नाही.

धारपांना दोष देण्याचे यात काही नाही. त्यांनी आपल्या वाचकवर्गाची कल्पनाशक्ती नेमकी पकडली. दोष त्या समीक्षेचा, जिने या कल्पनाशक्तीला ‘मराठी मनाचा आदिबंध’ म्हणून सनातन करून टाकले असते, जर तिला धारप वाचण्याची सवड मिळाली असती. कारण मराठी मुलखात जोडणीचे दुसरे एक प्रारूप फार जुने आहे, आणि ते पाहायला धारपांच्या पुण्यापासून साठ-पासष्ट किलोमीटरपेक्षा लांब जावे लागत नाही.

मावळात, इंद्रायणी-पवनेच्या खोऱ्यांत, डोहाच्या काठी शेंदूर लावलेले दगड एका ओळीत मांडलेले दिसतात. त्या साती आसरा. शेजारी बहुधा त्यांचा भाऊ म्हसोबा. ओटीत खण, हिरव्या बांगड्या, हळदकुंकू, नैवेद्याला दहीभात. ‘आसरा’ हा शब्द ‘अप्सरा’वरून आला, हे सर्वमान्य आहे. त्याआधीचा ‘साती’ हा शब्द मात्र दुर्लक्षित राहतो. तो नुसता ‘सात’ नव्हे. दोन्ही, तिन्ही, चारी, तशी ‘साती’: सगळ्याच्या सगळ्या, एकही न वगळता. आणि क्रियापद नेहमी अनेकवचनी: बाळंतिणीला ‘आसरा लागल्या’. ‘आसरा लागली’ असे कोणी म्हणत नाही. सातांपैकी एक वेगळी होऊन काही करते, तिला स्वभाव आहे, इतर सहांवर तिची सत्ता आहे, असे काही त्या ओळीतल्या दगडांवरून सुचत नाही. त्यांत उंच, बुटका असेल, पण मधला दगड म्हणजे मुख्य, असा संकेत नाही.

दामोदर धर्मानंद कोसंबींनी या देवतांकडे फार गंभीरपणे पाहिले. मुंबईच्या टाटा संशोधनसंस्थेत जाण्यासाठी डेक्कन क्वीनने रोज हाच घाट उतरणारा हा गणितज्ञ सवड काढून मावळातल्या खेडोपाडी हिंडला, आणि ‘मिथ अँड रिअॅलिटी’मध्ये (१९६२) त्याने एक धाडसी अनुमान मांडले: कार्ल्याच्या सातवाहनकालीन शिलालेखात आलेला ‘मामाल’ म्हणजे आजचे मावळ, आणि या नावाच्या मुळाशी ‘मावळाया’, म्हणजे लहानग्या मातृदेवता, असल्या पाहिजेत, त्या पाण्याच्या देवता, अनेकवचनी, आणि साती आसरांशी एकरूप झालेल्या. व्युत्पत्ती म्हणून याबद्दल मतभेद होऊ शकतात. समीक्षेच्या दृष्टीने त्यातला मुद्दा वेगळाच आहे. ज्या प्रदेशाच्या नावाचा अभिमान नंतर मावळे या लढवय्या पुरुषांच्या नावाने उभा राहिला, त्या नावाखाली कोसंबींना एकटी देवी सापडली नाही, देवींचा घोळका सापडला. कोसंबींच्या इतिहासमीमांसेचा मराठी समीक्षेने वेळोवेळी आदराने उल्लेख केला. या अनेकवचनाचे मात्र काय करायचे ते तिला उमगले नाही, कारण तिच्या सगळ्या संकल्पना, आदिमाया, मातृरूप, महन्माता, एकवचनी होत्या.

या प्रारूपात जोडणी मनात होत नाही, हा पुढचा मुद्दा. मराठीत देव ‘अंगात’ येतो. मनात येतो तो विचार. ज्याच्या अंगात येते त्याला ‘झाड’ म्हणतात. वारे येते, माणूस घुमतो. हे सारे शब्द देहाचे, हवेचे, आवाजाचे आहेत. कार्ल्याच्या डोंगरावर, चैत्यगृहाच्या तोंडाशीच असलेल्या एकवीरेच्या चैत्री यात्रेत मुंबई-ठाणे-रायगडचे कोळी आणि आगरी लोटतात. ढोल वाजू लागला की एकीच्या अंगात येते, मग तिच्या शेजारणीच्या. त्या दोघींमध्ये तार नसते. ढोल असतो, उन्हाचा चटका असतो, उपास असतो, चढण चढून आलेला थकवा असतो, आणि दोघींनाही लहानपणापासून ठाऊक असलेला एक ठेका असतो. जोडणारी वस्तू माणसांच्या बाहेर आहे आणि ती सर्वांना दिसते. मने जोडण्याला मराठीत रूढ शब्द शोधू गेले तर ‘मनोमीलन’ हा अलीकडे राजकीय तडजोडींसाठी वापरून गुळगुळीत झालेला शब्द हाती येतो; नाहीतर ‘संगनमत’. आणि संगनमत हे फौजदारी फिर्यादीतच शोभते. भाषेने अनेकांच्या एक झालेल्या मनाला इतके संशयाने पाहावे, आणि एका ठेक्यावर अनेकांच्या अंगात आलेल्या वाऱ्याला इतके सहज मानावे, यातच एक अख्खी जादूची मीमांसा दडलेली आहे. दुर्खेमचा भेदही इथे लंगडा पडतो. ‘लागणे’ आणि ‘उतरवणे’ हे शब्द निःसंशय जादूचे. पण ओटी भरणारा गाव हे गिऱ्हाईक नव्हे.

त्याच डोंगरातले चैत्यगृह या संदर्भात पुन्हा पाहण्यासारखे आहे. त्याचे खांब एकेका दात्याने दिले आणि आपापले नाव खांबावर कोरवून घेतले. धेनुकाकट या गावचे लोक त्यात पुष्कळ, त्यांत स्वतःला यवन म्हणवणारेही. दर्शनी भागाच्या दानांत एक सुगंधी द्रव्यांचा व्यापारी आणि एक सुतारही आहे. त्याच इमारतीत वैजयंतीच्या भूतपाल श्रेष्ठीचाही लेख आहे आणि तो सांगतो की, जंबुद्वीपातले हे सर्वोत्तम शैलगृह आपण पूर्णत्वाला नेले. म्हणजे एकाच वास्तूत दोन प्रकारचे कर्तृत्व शेजारी-शेजारी कोरलेले आहे: खांबाखांबाने साकारलेले आणि एकाच नावाने दावा केलेले. प्रवासी-पुस्तके भूतपालाचा लेख आवर्जून देतात. समर्थांची परंपरा जुनी आहे, हे मान्य करायला हवे.

कार्ल्यापासून दहा-बारा किलोमीटरवर, लोणावळ्यात, १९२४ साली स्वामी कुवलयानंदांनी कैवल्यधाम स्थापन केले आणि ‘योगमीमांसा’ हे नियतकालिक सुरू केले. उड्डियान, नौली या क्रियांच्या वेळी पोटात दाब किती होतो, क्ष-किरणांत काय दिसते, हे त्यांनी मोजले. हे काम थोर आहे, आणि इथे त्याचा उल्लेख एवढ्यासाठीच की, मावळात देहाच्या अद्भुताला आधुनिक प्रतिष्ठा मिळाली ती एकट्या देहाच्या मापातून. प्रयोगशाळेत एका वेळी एकच पोट तपासता येते. नंतरच्या मराठी वाचकाने ‘मनःशक्ती’ हा शब्द उचलला तोही एकवचनीच. समर्थांची इच्छाशक्ती त्याला पटली, त्यात आश्चर्य नाही.

येथपर्यंतचा युक्तिवाद देशीवादी वाचकाला आवडेल. त्याने तो एवढ्यात आपलासा करू नये. साती आसरांचे प्रारूप नायकविरहित आहे म्हणून ते निष्पाप आहे, असे मुळीच नाही. त्या सातजणींना आपले म्हणणे सांगायला एक देह लागतो, आणि तो देह बहुधा बाळंतिणीचा, नव्या सुनेचा, पाणवठ्यावरून उशिरा परतलेल्या बाईचा असतो. समूहाचे ऋण एकीने अंगावर वाहायचे, हा त्या व्यवस्थेचा गाभा आहे. शिवाय, आसरा लागल्या हे सांगणार कोण? तिथे देवऋषी येतो. ज्या क्षणी दुखण्याचे कथन होऊ लागते, त्या क्षणी अनेकवचनाला एक अर्थ लावणारा लागतो, आणि गाठ त्याच्या हाती जाते. मावळची परंपरा आपल्या जोरावर समर्थाला दूर ठेवू शकत नाही. तिच्या उंबऱ्यावर तो बसलेलाच असतो. देशीवादाने लोकपरंपरेची समूहजाणीव गौरवताना या देवऋषीला चित्राच्या चौकटीबाहेर ठेवले, हे त्याचे अर्धसत्य.

नरेंद्र दाभोलकरांनी याच देवऋषीशी आयुष्यभर झगडा केला. २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात त्यांची हत्या झाली आणि त्यानंतर त्याच वर्षी महाराष्ट्राचा जादूटोणाविरोधी कायदा अस्तित्वात आला. अंगात अतींद्रिय शक्ती असल्याचे भासवून लोकांना भीती घालणे, फसवणे हा त्या कायद्याने गुन्हा ठरतो. कायदा दावा करणाऱ्या व्यक्तीला धरतो, आणि त्याने तसेच करावे. फसवणुकीला नाव-पत्ता असलाच पाहिजे. परंतु समीक्षा म्हणजे तपासयंत्रणा नव्हे. अद्भुतकथेतल्या जादूला ‘अंधश्रद्धेचा प्रसार’ म्हणून आरोपीच्या पिंजऱ्यात उभे करणारी विवेकवादी समीक्षा आणि त्याच जादूत ‘सामूहिक नेणीव’ शोधणारी गूढवादी समीक्षा या वरकरणी शत्रू आहेत. दोघींच्याही दृष्टीला समूहात घडणारी क्रिया दिसत नाही: एकीला फक्त फसवणारा दिसतो, दुसरीला फक्त तळ दिसतो.

मराठीत या व्यूहाची खरी चिकित्सा झाली आहे. ती अद्भुतकथेत झाली नाही, इतकेच. १९७२ साली पुण्यात रंगमंचावर आलेल्या ‘घाशीराम कोतवाल’मध्ये तेंडुलकरांनी ब्राह्मणांची जी रांग उभी केली, ती मराठीतली जोडलेल्या मनांची सर्वांत पूर्ण व्यवस्था होय. ती माणसे मिळून भिंत होतात, पडदा होतात, गातात, डोलतात, पाठ फिरवतात. पडदा सरकला की काही दिसते, मिटला की काही घडून गेलेले असते. तिथे मने जोडलेली आहेत, यात शंका नाही, आणि त्या जोडणीचे नाव नेमके संगनमत आहे. तरीही ही रांग कोणा एका डोक्याची हातपाय नाही. नाना फडणवीस तिच्या आडोशाला वावरतो, घाशीरामाला तो वापरतो. पण रांग त्याच्या आज्ञेने हलत नाही. ती ठेक्यावर हलते. तेंडुलकरांनी देवऋषीच्या हातातली गाठ सोडवली आणि ती ढोलाला नेऊन बांधली. त्यामुळेच नाटक पाहताना प्रेक्षकाला आपला पाय ठेका धरतो आहे हे लक्षात येते आणि लाज वाटते. या नाटकाच्या समीक्षेत सत्ता, इतिहासाचा विपर्यास, लोकनाट्याचे घटक यांची चर्चा उदंड झाली. मानवी पडद्याची चर्चा ‘तंत्र’ या सदराखाली गेली. ते तंत्र हाच तिथला सिद्धान्त होता.

समूहाची क्रिया वाचता न येणे ही केवळ वाङ्मयीन उणीव असती तर एवढा वाद घालण्याचे कारण नव्हते. ९ ऑगस्ट २०११ रोजी मावळात बऊरजवळ, पवनेचे पाणी बंद वाहिनीतून पिंपरी-चिंचवडला नेण्याविरुद्ध शेतकरी द्रुतगती मार्गावर उतरले. पोलिसांच्या गोळीबारात तीन शेतकरी मेले, त्यांत एक स्त्री होती. अशा कोणत्याही घटनेनंतर सार्वजनिक भाषेत पहिला प्रश्न येतो तो हाच: चिथावणी कोणी दिली? म्हणजे डोके कोणाचे? पाण्याशी, जमिनीशी, खोऱ्याशी असलेला व्यवहार माणसांना बाहेरूनच बांधून ठेवतो, आणि अशी बांधलेली माणसे कोणी न हाकताही एकत्र हलू शकतात, ही गोष्ट त्या प्रश्नात मावत नाही. ल बाँचा जमाव, समर्थांचे भोवताल आणि ‘चिथावणी’ हा शब्द, हे तिन्ही एकाच व्याकरणाचे आहेत. या व्याकरणात वाढलेल्या वाचकाला कथा-कादंबरीने दुसरे व्याकरण द्यावे, ही अपेक्षा अवाजवी नाही.

आज मराठीत अद्भुतकथा पुन्हा लिहिली जाते आहे, आणि तिच्यात शक्तींच्या काटेकोर व्यवस्था, वर्तुळे, बंध यांचा उत्साह आहे. त्या व्यवस्था वाचताना निदान तीन गोष्टी तपासल्या जाव्यात: वर्तुळातून उठून जाण्याचा अधिकार कोणाला आहे, किंमत कोणाच्या देहातून वसूल होते, आणि हातपायांच्या वाट्याला किती वाक्ये येतात. या कसोट्यांवर स्टर्जन अडखळतो, जॉर्डनचा नियमच त्याच्याविरुद्ध साक्ष देतो, धारपांचे समर्थ पहिल्याच प्रश्नाला गप्प होतात, आणि साती आसरा दुसऱ्यावर नापास होतात. समीक्षकांना या निकालांचा धाक वाटण्याचे कारण नाही. निकाल बदलता येतात. कार्ल्याच्या खांबांवरची नावे एकोणिसाव्या शतकापासून छापील लेखसंग्रहांत आहेत. भूतपालाचे नाव त्याआधीच सगळ्यांना पाठ झाले होते असे समजू नये. तोही लेख कोणीतरी आधी वाचायला घेतला, म्हणून तो आधी वाचला गेला. सुतार सामी याच्या नावाचा लेख चैत्याच्या दाराशी आहे.